मामाच्या ओळीतली रिकामी जागा

फोन आला तेव्हा मी प्रेसचं शटर अर्धंच वर केलं होतं. हिरानानांच्या सूनबाई, प्रमिलावैनी बोलत होत्या. "दादा, बाबा पहाटे गेले. झोपेतच…" मग नाक ओढून म्हणाल्या, "बाराव्याचं कार्ड तुमीच करा. बाबांनी सांगून ठेवलंय, दुसऱ्या कोनाकडं द्यायचं नाय म्हनून." मी हो म्हणालो की नाही तेही आता आठवत नाही. शटर तसंच अर्धं ठेवून वाकून आत गेलो आणि कॉम्प्युटर लावला, कारण दुसरं काय करायचं ते सुचत नव्हतं. दुपारी त्यांच्या नातवानं मोबाइलवर नावं पाठवली. अकरा वर्षं मी लग्नाची, बारशाची, बाराव्याची कार्डं टाइप करून जुळवतोय. 'कै.' कुठं टाकायचं आणि कुठं चुकूनसुद्धा टाकायचं नाही, हे मला ज्यांनी शिकवलं त्यांच्याच नावाआधी ते टाकायचं होतं. टाकलं, खोडलं, परत टाकलं. मग सगळी नावं मोठ्यानं वाचून काढली आणि शेवटाला येऊन थांबलो. नानांची उरणकडं दिलेली धाकटी बहीण राहिली होती. अशा दिवशी त्या घरात फोन करून चूक काढायची म्हणजे जीव खाली-वर होतो, पण केला. "वैनी, नानांच्या धाकट्या बहिणीचं नाव यादीत नाही." पलीकडं रडता रडता त्या हसल्या. "बघा… गेले तरी तपासून घेतायत."

त्याला आता दीड महिना झाला. मी सातवी शिकलेला माणूस, लिहिणं म्हणजे माझ्यासाठी दुसऱ्यांची नावं लिहिणं. पण नानांबद्दल कुणीतरी लिहायला हवं होतं, आणि ज्यांना चांगलं लिहिता येतं ती त्यांची नातवंडं म्हणाली, "तुमच्याकडंच जास्त बसायचे ते, तुम्हीच लिहा." म्हणून हे धाडस. नाना असते तर छापायला देण्याआधी त्यांना वाचून दाखवलं असतं, आणि त्यांनी निम्म्यावर लाल पेन फिरवलं असतं.

नाना खाडीकाठच्या एका जुन्या आगरी गावाचे. ऐरोलीहून पुढं आलं की आयटीवाल्यांच्या काचेच्या इमारतींमागं ते गाव अजून आहे. गल्ल्या इतक्या अरुंद की आत शिरलेला टेम्पो उलटाच बाहेर काढावा लागतो. भाताची शेतं आणि मिठागर शहरासाठी गेलं तेव्हा नाना तरुण होते. पुढं एका केमिकल कंपनीत मशिनवर राहिले आणि तिथूनच रिटायर झाले. पण पंचक्रोशीत त्यांची ओळख वेगळीच होती. जमिनीच्या बदल्यात प्लॉट मिळायची वेळ आली तेव्हा घरोघरी वारस शोधायला लागले, आणि लोकांच्या लक्षात आलं की आज्याच्या पलीकडं आपल्याला कुणाचं नावच माहीत नाही. कुणी आत्याला विसरलं, कुणी बहिणीला मुद्दाम विसरलं. तेव्हापासून नानांनी वंशावळी लिहायला घेतल्या. पुरावा काय, तर लग्नाची कार्डं. आसपासच्या सात गावांत लग्न कुणाचंही असो, एक कार्ड नानांच्या घरी जायचंच. त्यांच्या पलंगाखाली बिस्किटांचे मोठे पत्र्याचे डबे, प्रत्येक डब्यावर गावाचं नाव, आत कार्डं वर्षांप्रमाणे लावलेली. कार्डं छापायची पद्धत येण्याआधीच्या लग्नांसाठी ते धवळे म्हणणाऱ्या म्हाताऱ्या बायकांकडं जाऊन बसायचे. आगरी लग्नात धवळ्यांची गाणी म्हणून लग्न लावणाऱ्या ह्या बायका. कुणाच्या हळदीला कुणाकुणाची नावं घेतली ते त्यांना तोंडपाठ असायचं.

आमची भेट झाली ती मात्र माझ्या चुकीमुळं. मी जतकडचा, सांगली जिल्ह्याच्या पार टोकाचा. सातवीनंतर शाळा सुटली. गवंड्याच्या हाताखाली, मग हॉटेलात, असं करत करत तुर्भ्याच्या ह्या प्रेसमध्ये आलो. आधी छपाईच्या स्क्रीन धुवायचो. टायपिंग करणारा माणूस सोडून गेला तेव्हा मालक म्हणाले, "बस तिथं, बघ जमतंय का." आता, आगरी लग्नाचं कार्ड ज्यांनी पाहिलं नसेल त्यांना सांगायला हवं. त्यात नवरा-नवरीपेक्षा बाकीच्यांनाच जागा जास्त लागते. आजोबा, काका, मामा, आत्या, भाऊ, भावोजी, आणि शेवटी 'आमच्या काकाच्या लग्नाला यायचं हं' म्हणणारी सगळी चिल्लीपिल्ली. शंभराच्या घरात नावं, आणि त्यातलं प्रत्येक नाव म्हणजे रुसू शकणारा एक माणूस. मला आधीच धास्ती फार. रात्री घरी गेल्यावर सुद्धा आज कुणाचं नाव चुकलं का, हे मनात चालूच असायचं.

तर, त्या एका घरात नातवाला आज्याचं नाव ठेवायची रीत. नमुन्याला आणलेल्या जुन्या कार्डात 'कै. बाळाराम' होते, ते आजोबा. नव्या यादीत नुसते 'बाळाराम' होते. ते त्या आजोबांचे नातू, नवरदेवाचे काका, अगदी धडधाकट. मला वाटलं, घाईत ह्यांच्याकडून 'कै.' लिहायचं राहिलं. मी आपणहून टाकलं, आणि वर चांगलं काम केलं म्हणून मनात खूशही झालो. सातशे कार्डं छापून गेली. दुसऱ्या दिवशी दुपारी प्रेससमोर तीन रिक्षा थांबल्या. पहिल्या रिक्षातून कै. बाळाराम स्वतः उतरले.

"मी मेलो कवा रं?" ते दारातूनच ओरडले. "मना तं कोनी सांगितला नाय!"

मी मनातल्या मनात जतच्या गाडीची वेळ आठवत होतो. तेवढ्यात शेवटच्या रिक्षातून एक म्हातारे गृहस्थ उतरले. पांढरा अर्ध्या बाह्यांचा शर्ट, चष्म्याला दोरी. सगळ्यांचं बोलून होईपर्यंत ते शांत उभे राहिले, मग मला म्हणाले, "कं रं पोरा, यो 'कै.' तुला सांगितला कोनी?" मी जुनं कार्ड पुढं केलं. त्यांनी ते डोळ्यांजवळ नेलं आणि असे हसायला लागले की चष्मा छातीवर लोंबकळला. "बाळाराम, याचा चुकला नाय तेवढा. यानी जुना कार्ड वाचला, आजा मेलाय ता वाचला. नातू जन्माला आलाय ता याला कोन सांगनार?" मग त्यांनी एका कार्डावर नखानं खरवडून पाहिलं. शाई कागदाच्या वर बसलेली होती. कोपऱ्यावरच्या दुकानातून दाढीची ब्लेड मागवली, जमिनीवर वर्तमानपत्रं पसरली आणि अख्ख्या वऱ्हाडाला खाली बसवलं. संध्याकाळपर्यंत सातशे कार्डांवरचं 'कै.' खरवडून निघालं. बाळारामकाकांनी एकट्यानं शंभरएक वेळा स्वतःला जिवंत केलं, आणि दर वीस कार्डांनंतर चहा मागितला. ते म्हातारे गृहस्थ म्हणजे हिरानाना. जाताना मला म्हणाले, "सांगलीवाला, नावा मोठ्यानी वाचायची. आनि समोरच्याला इचारायचा, कोन ऱ्हायला?"

त्या दिवशी माझी नोकरी राहिली ती त्यांच्यामुळं. त्यानंतर सात गावांतलं कुठलंही कार्ड आमच्याकडं आलं की नाना प्रूफ बघायला यायचे. पैसे घ्यायचे नाहीत. एक कटिंग चहा आणि डब्यासाठी एक जादा कार्ड, एवढंच. मालक सुरुवातीला कुरकुरले, मग त्यांच्यासाठी एक गादीची खुर्ची आणली. नाना कार्डं वाचायचे तसं कुणी वाचताना मी पाहिलं नाही. एका घराची चार लग्नांची चार कार्डं ओळीनं मांडायचे आणि मला म्हणायचे, "बघ. यो मामा पैल्या दोन कार्डांत हाय, तिसऱ्यात नाय. म्हंजे त्या वर्सी बोलत नव्हते. चौथ्यात परत हाय, आनि सगल्यांच्या वरती हाय. म्हंजे भांडनात चूक कोनाची होती?" मी म्हणायचो, "मामाची." "येडा! मामाची असती तं खाली टाकला असता. चूक यांची होती, म्हनून वर चढवलाय." माझं शाळेत जे राहून गेलं त्यातलं बरंच काही मी त्या गादीच्या खुर्चीशेजारी उभा राहून शिकलो.

मग सुनीचं, माझ्या बहिणीचं लग्न ठरलं. मुलगा साताऱ्याकडचा, इथंच कांदा-बटाटा मार्केटमध्ये कामाला. माणसं चांगली. फक्त त्यांची एक म्हातारी आत्या पहिल्याच बैठकीत म्हणाली, "पोरीचं आजोळ कुठलं म्हणायचं?" मी कपाकडं बघत काहीतरी पुटपुटलो. खरं उत्तर मला माहीतच नव्हतं. आई गेली तेव्हा मी सहा वर्षांचा आणि सुनी पाळण्यातली. आबा त्या वेळी इचलकरंजीला यंत्रमागावर होते, लग्नही तिकडंच झालं होतं. आई गेल्यावर आबा आम्हा दोघांना घेऊन गावी आले. गावात आईला कुणी फारसं पाहिलेलंच नव्हतं, तिला सगळे 'इचलकरंजीची' म्हणायचे. तिचं सासरचं नाव शालन. आमच्यात लग्नात नवरीचं नाव बदलतात, ताटात तांदूळ पसरून त्यात नवं नाव लिहितात. आधीचं नाव काय, माहेर कुठलं, मामा आहे की नाही… आबांना विचारलं की ते उठून बाहेर जायचे. पुढं आबाही गेले, आणि विचारायला कुणी उरलं नाही.

सुनीच्या कार्डाचं मॅटर मी स्वतः जुळवलं. 'मुलीचे मामा' ह्या ओळीशी आलो आणि पुढं नुसती रेघ मारली. नाना प्रूफ वाचत त्या रेघेपाशी थांबले.

"मामा?"

"नाहीत."

"नाय म्हंजे मेले, का म्हाईत नाय?"

"माहीत नाही."

"मंग रेघ मारू नको. म्हाईत नाय आनि नाय, यात लई फरक हाय."

मी म्हटलं, नाना, लग्न दीड महिन्यावर आलंय, आता कुठं शोधणार. मामाच्या जागी कुणीतरी शेजारचा उभा करू, मुलीला मांडवात आणायचं तर आणायचं. पण सुनीचं म्हणणं वेगळंच होतं. ती खारघरच्या एका दवाखान्यात काम करते, माझ्यासारखी घाबरट नाही. ती म्हणाली, "दादा, मामा आणून उभा कर असं मी म्हणतच नाही. मी सासरी आधीच सांगितलंय, माझं नाव बदलायचं नाही. पण ते सांगताना वाटलं, आईचं काय होतं तेच मला माहीत नाही. तेवढं कळलं तरी मला पुरे." त्या दिवसापासून ते माझंच काम झालं. मला तर झोपच लागेना. नाना मात्र खुलले. त्यांना एवढं अवघड कोडं बऱ्याच वर्षांत मिळालं नव्हतं. आईबापाच्या लग्नाचं कार्ड आहे का? नाही. फोटो? नाही. शाळेचा दाखला? कुठल्या नावानं शोधणार? शेवटी त्यांनी विचारलं, "आमच्याकडं धवळे म्हननाऱ्या बायका हाईत. तुमच्याकडं वंश कोन सांगतं?"

आणि मला एकदम हेळवी आठवला. लहानपणी दोन-तीन वर्षांतून एकदा बैलावर बसून, घंटी वाजवत यायचा. घराच्या उंबऱ्याशी बसून मूळ पुरुषापासून सगळ्यांची नावं म्हणायचा, मधल्या काळात झालेली लग्नं, जन्म वहीत लिहून घ्यायचा, आणि ज्वारी घेऊन पुढच्या घरी जायचा. मला तेव्हा बैलाचंच कौतुक, नावं कधी ऐकलीच नाहीत. ठरलेली घरं, ठरलेला हेळवी, बापाच्या मागं मुलगा. त्याच्यापुढं कुणी खोटं बोलत नाही आणि काही लपवतही नाही, अशी आमच्याकडची समजूत. मी हे सांगत असताना नाना खुर्चीतून उठून उभे राहिले होते. "अरं मंग इतके दिस गप कशाला बसलास?"

चुलतभावाकडून हेळव्याचा मोबाइल नंबर मिळाला. भीमाण्णा नाव. मी विचारलं, आईचं माहेर तेवढं फोनवर सांगता का? तिकडून ठाम उत्तर आलं. "वंश फोनवर वाचत न्हाईत, पावणं. उंबऱ्यावर बसून वाचायचा."

"पण आता माझं गावात घर नाही. इथं कोपरखैरण्याला भाड्याची खोली आहे."

"भाड्याची का असंना. दिवा तुमीच लावतासा न्हवं? मग उंबरा तुमचाच. पुढच्या आठवड्यात येतोय तिकडं, मार्केटात आमची लय घरं हाईत."

भीमाण्णा आला तो बैलावरून नाही, कांद्याच्या गाडीतून. डोक्याला पटका, हातात रेक्झिनची पिशवी आणि पिशवीत प्लॅस्टिकच्या कागदात गुंडाळलेली वही. नाना तासभर आधीच येऊन बसले होते, इस्त्रीचा शर्ट घालून, परीक्षेला आल्यासारखे. दोघांनी एकमेकांना खालपासून वरपर्यंत पाहिलं. "किती पिढ्या हाईत तुमच्याकडं?" नानांनी विचारलं. "तुमाला किती ऐकायला सवड हाय?" भीमाण्णा म्हणाला. नाना खूश झाले. "आनि आत्या, बहिनी? त्या लिवता का?" "लेकी, सुना, समद्या. माहेरासकट." नानांनी माझ्याकडं बघून मान हलवली, म्हणजे हा माणूस पास. मग भीमाण्णानं वहीला हळद-कुंकू लावलं आणि नानांना बजावलं, "मधी बोलायचं न्हाई हं, आज्जा." नानांनी खरोखर तोंडावर हात धरला.

एका सुरात, फारसा श्वासही न घेता तो म्हणत गेला. कुठल्या दुष्काळात कोण कुठून उठून आलं, कुणाला किती लेक, कोण निपुत्रिक गेला, कोण पलटणीत गेला तो परत आला नाही. मला त्यातलं निम्मं समजत नव्हतं, तरी ऐकत राहिलो. गवंड्याच्या हाताखाली, हॉटेलात, स्क्रीन धुताना मला नेहमी वाटायचं की आपण कुठूनतरी सुटून आलेलो आहोत. आणि इथं पंधरा-सोळा माणसं माझ्या मागं रांगेत उभी होती. मग त्याच सुरात, आवाज जरासुद्धा न बदलता… "मारुतीचा लेक तुकाराम, तुकारामाची बायकू शालन, माहेरची गंगू, हुलगेवाडीच्या रामूची लेक, पाठचा भाऊ एक, दत्तू. तिची पोरं दोन, संपत आणि सुनीता…" आणि तो पुढं चुलत्यांच्या घरात शिरलासुद्धा.

सुनी ओट्याजवळ चहाचं पातेलं धरून उभी होती. "काका, परत वाचा ना तेवढं."

"वाचल्यालं माघारी वाचत न्हाईत, बाई."

तेव्हा नानांनी तोंडावरचा हात काढला. "वाच रं बाबा. आयसचा नाव पैल्यांदा ऐकतेय पोर."

भीमाण्णानं तिच्याकडं पाहिलं, बोट मागं नेलं आणि ती ओळ पुन्हा वाचली. ह्या वेळी सावकाश. मग वही मिटताना म्हणाला, "हे तुमच्या आबानंच सांगितल्यालं. माझ्या बाला. बायकू गेली त्याच्या दुसऱ्या साली. म्हणला हुता, मला काय बोलवत न्हाई, तुमच्या वहीत असू द्या… पोरं इचारत येतील."

आबा ज्या वेळी उठून बाहेर जायचे त्या प्रत्येक वेळेचा माझा राग त्या दिवशी गेला.

हुलगेवाडी सीमेपलीकडं, कर्नाटकात अथणीच्या अंगाला. तिथल्या एका किराणा दुकानातून दत्तूमामांचा नंबर मिळायला आणखी चार दिवस गेले. तीनदा लावला, तीनदा रिंग जायच्या आत तोडला. त्यांनी ओळखलंच नाही तर? ओळखून नाही म्हणाले तर? सुनीला काय सांगू? शेवटी प्रेसमध्ये नानांनी माझ्या हातातून फोन घेतला, बटण दाबलं आणि स्पीकरवर टाकून माझ्यापुढं धरला.

"कोन?"

"मी… संपत बोलतोय. नवी मुंबईवरनं."

"मला पलाट घ्यायचा न्हाई. काल बी सांगितलंय." फोन बंद.

नाना हसून हसून खोकायला लागले. परत लावला. ह्या वेळी मी एका दमात म्हटलं, "गंगूचा मुलगा बोलतोय. रामूची लेक गंगू, इचलकरंजीला दिलेली." पलीकडून एक म्हैस ओरडल्याचा आवाज तेवढा आला. मग मामांनी विचारलं, "तुझ्या उजव्या पायाला भाजल्याचा डाग हाय का रं?"

"आहे."

"त्यो माझ्या कपातल्या च्यानं भाजलाया. मांडीवर घिऊन बसलो हुतो तुला."

नानांनी माझ्या पाठीवर थाप मारली. "यो खरा मामा! आदी पुरावा मागतोय."

मग मामा स्वतःच बोलत गेले. आई तापानं गेली तेव्हा, दवाखान्यात उशिरा नेली म्हणून त्यांनी आबांना स्मशानातच सगळ्यांसमोर नको नको ते ऐकवलं होतं. "त्यानंतर तुझा बा कुठं गेला कळलं न्हाई. आनि खरं सांगू का, मी शोधलं बी न्हाई. कुठल्या तोंडानं जायचं?" मी सांगितलं, आबा गेले. सांगितलं, सुनीचं लग्न आहे. पलीकडं नाक शिंकरल्याचा आवाज आला आणि लगेच आवाज चढला, "मामाची साडी मी आणणार. दुसऱ्या कुनाला घिऊ दिऊ नगंस. ऐकलंस का?"

कार्डातली ती ओळ भरली. आईच्या नावापुढं 'माहेरची गंगू' असंही टाकायला नानांनी लावलं. मालक म्हणाले, कार्डात असं कुणी छापत नाही, तर नाना म्हणाले, मग हे पहिलं. मला एवढं भरून आलं होतं की मी 'आजोबा' म्हणून नानांचंही नाव टाकून दिलं आणि प्रूफ त्यांच्या हातात दिलं. ते मोठ्यानं वाचत आले आणि स्वतःच्या नावाशी थांबले.

"यो कोन?"

"तुम्ही."

"मी तुजा आजा हाय?"

"त्याच्यापेक्षा कमी नाही."

"नसू दे कमी. पन कार्डात नाय." त्यांनी लाल पेन काढलं. "सुनीचा पनतू उद्या वंशावल शोधंल. त्याला जतच्या घरात यो आगरी आजा भेटंल. मंग तो बिचारा ऐरोलीत दारोदार इचारत फिरंल. कशाला पोराला तरास?" आणि सरळ काट मारली. मला वाईट वाटलं, ते चेहऱ्यावर दिसलं असणार. "राग आला?" मी हो म्हणालो. "येऊ दे. जेवायला पैल्या पंगतीला हाय मी."

लग्नाला मामा आले ते गुलाबी फेटा बांधून. पिशवीत साडी आणि शेंगदाण्याच्या चटणीचा डबा. सुनीला मांडवात आणताना कोण कुणाला धरून चाललंय ते कळत नव्हतं. अंतरपाटामागं तिच्या पाठीशी उभे राहिले आणि पहिल्याच मंगलाष्टकाला असे हुंदके द्यायला लागले की भटजी थांबले. पुढच्या रांगेतून नाना म्हणाले, "तुमी चालू ठेवा वो. लई वर्सांचा रडना हाय, आटपायला टाइम लागंल." सगळा मांडव हसला, रडता रडता मामाही. नवऱ्याकडची ती म्हातारी आत्या माझ्याशेजारी होती. मला हळूच म्हणाली, "मामा चांगला मिळालाय हो."

जेवणं झाल्यावर मामांना वाटलं, आता पान खाऊन लवंडावं. पण नानांनी त्यांना एका खुर्चीत बसवलं, समोर दुसरी खुर्ची ओढली आणि मांडीवर कॅलेंडरच्या प्रूफचा एक मोठा कागद उलटा पसरला. आईकडचं सगळं विचारून विचारून त्यांनी त्यावर लिहून काढलं. मामा सांगताना दमले, नाना लिहिताना नाहीत. एका ठिकाणी मात्र अडलं. आजीचं, म्हणजे आईच्या आईचं माहेरचं नाव. "आईला आई म्हनायचो," मामा म्हणाले. "नाव कशाला इचारतोय?" नानांनी तिथं पेन्सिलीनं एक चौकट आखली आणि कागद माझ्या हातात दिला. "एवढा ऱ्हायला. तो तू शोध."

तो कागद प्रेसमध्ये माझ्या टेबलाच्या काचेखाली आहे. आधी तिथं सॅम्पल कार्डं असायची. कार्ड टाकायला आलेली माणसं वाट बघताना तो वाचतात, आणि मग घरी फोन लावून आपापल्या आजीचं नाव विचारतात. मालक म्हणतात, ह्या कागदामुळं गिऱ्हाइकांचा वेळ जातो. पण काढ म्हणत नाहीत.

मागच्या आठवड्यात मामांचा फोन आला. त्यांच्या एका ऐंशी-नव्वदीच्या चुलत मावशीला आठवलं होतं. "चंद्राक्का. तुझ्या आज्जीचं माहेरचं नाव चंद्राक्का. लिवून घे." मी घाईनं हो हो म्हणून फोन ठेवला आणि लगेच नानांचा नंबर लावला. रिंग वाजायला लागल्यावर लक्षात आलं, पण तोवर प्रमिलावैनींनी उचलला होता. मग जे सांगायला लावला होता तेच सांगितलं. त्या म्हणाल्या, "बाबा असते तं म्हनाले असते, तिच्या आयसचा नाव कं?" आम्ही दोघंही हसलो, आणि दोघांनीही फोन जरा लवकरच ठेवला.

काच उचलली. माझं अक्षर वाईट, म्हणून आधी मनात आलं, कॉम्प्युटरवर टाइप करून चिकटवावं. मग पेनच घेतलं. दुपारची वेळ होती, मशिन बंद होतं. जपून लिहायला गेलो तरी शेवटचं अक्षर चौकटीच्या बाहेर गेलंच. त्या कागदावर आईकडची तीन पिढ्यांची माणसं आहेत. नानांचं नाव कुठंच नाही, त्यांना ते चाललंही नसतं. अक्षर तेवढं सगळं त्यांचं आहे, निळ्या शाईतलं, उजवीकडं झुकलेलं. एक चंद्राक्का काय ती माझ्या हातची.